कोणालाही न दिसणारा प्रकाश

संत हिल्डेगार्ड यांचा जन्म १०९८ साली जर्मनीत झाला. लहानपणापासून त्यांना एक प्रकाश दिसत असे; तोही स्वप्नात नव्हे, तर जागेपणी, उघड्या डोळ्यांनी. सर्वांनाच तो दिसत असावा, असे त्यांना वाटे. एकदा त्यांनी दाईला विचारले, तर तिला काहीच दिसत नव्हते. त्या घाबरल्या आणि हळूहळू त्याविषयी बोलेनाशा झाल्या.

पुढे त्या मठात व्रतस्थ झाल्या. ११४१ साली पाहिलेले सारे लिहून काढण्याची देवाज्ञा त्यांना झाली. लोक काय म्हणतील, या धास्तीने त्यांनी टाळले आणि अंथरूण धरले. अखेर वोल्मार या मठवासी संन्याशाच्या मदतीने त्या लिहू लागल्या. पोप तिसरे युजीन यांनी चौकशी करवून त्या लिखाणाला संमती दिली. १७ सप्टेंबर ११७९ रोजी त्या देवाघरी गेल्या. २०१२ साली पोप सोळावे बेनेडिक्ट यांनी त्यांना ख्रिस्तसभेच्या आचार्या म्हणून घोषित केले.

काही डॉक्टर त्या प्रकाशाचा संबंध अर्धशिशीशी जोडतात. काहीही असो, त्या खोटे बोलत नव्हत्या.

बंधुभगिनींनो, घरातले मूल आपल्याला न दिसणारे काही सांगू लागले, तर हसू नका, दटावू नका. आधी शांतपणे ऐकून घ्या.