गदिमांची गोष्ट कानडीत गेली तेव्हा

काकती : गीतरामायणाचे कवी म्हणून ग. दि. माडगूळकर घराघरांत ठाऊक आहेत. पण त्यांच्या घरची चूल पेटती ठेवली ती सिनेमाच्या लेखणीनं. त्याच लेखणीतली एक गोष्ट पुढं कानडी पडद्यावर गेली.

गदिमांचा जन्म १ ऑक्टोबर १९१९ रोजी आटपाडी तालुक्यातल्या शेटफळे गावी झाला. तेव्हा आटपाडीचा मुलूख औंध संस्थानात होता. याच संस्थानाचं गुणदाळ ठाणं आजच्या कर्नाटकात, विजापूर जिल्ह्यात. घरची गरिबी, त्यात मॅट्रिकला गणितानं घात केला. पोटासाठी कोल्हापूर गाठलं. मास्टर विनायकांच्या 'ब्रह्मचारी'त (१९३८) किरकोळ भूमिका मिळाली. पण नाव झालं ते लेखक म्हणून, 'लोकशाहीर रामजोशी'मुळं (१९४७).

पुढं दिग्दर्शक राजा परांजपे, संगीतकार सुधीर फडके आणि गदिमा असं त्रिकूट जमलं. 'पेडगावचे शहाणे', 'लाखाची गोष्ट' (दोन्ही १९५२) लोकांनी डोक्यावर घेतले. १९५४ साली आला 'ऊन पाऊस'. मास्तरांनी खस्ता खाऊन पोरं वाढवली; म्हातारपणी पोरांनी आईबाप वाटून घेतले, एवढीच कथा. आदल्याच वर्षी जपानमध्ये कोगो नोदा आणि यासुजिरो ओझू यांनी लिहिलेल्या 'टोकियो स्टोरी'तही म्हातारे आईबाप आणि त्यांच्यासाठी सवड नसलेली मुलंच होती.

१ नोव्हेंबर १९५६ ला राज्यांची फेररचना झाली आणि बेळगाव म्हैसूर राज्यात गेलं. मराठी माणसाच्या मनात तो सल आजही आहे. त्यानंतर दोनच वर्षांनी बी. आर. पंतुलू यांनी 'ऊन पाऊस'च्या कथेवरून कानडीत 'स्कूल मास्टर' काढला. पुढं ती गोष्ट हिंदी, तेलुगूतही गेली.

याच काळात व्ही. शांताराम यांच्या 'दो आँखें बारह हाथ'ची (१९५७) कथा गदिमांनी लिहिली. सहा कैदी आणि त्यांच्यावर विश्वास टाकणारा जेलर. औंध संस्थानानं आटपाडीजवळ स्वतंत्रपूरला १९३९ मध्ये सुरू केलेलं खुलं कारागृह या कथेचं मूळ. म्हणजे गदिमांच्या तालुक्यातलीच गोष्ट. १९५८ साली या चित्रपटाला बर्लिन महोत्सवात रौप्य अस्वल मिळालं.

१४ डिसेंबर १९७७ रोजी पुण्यात गदिमांचं निधन झालं. पाट्या कोणत्या भाषेत असाव्यात यावरून सीमाभागात आजही वाद होतात. म्हाताऱ्या मास्तरांची ती गोष्ट मात्र इथल्या मराठी घरालाही आपली वाटली, कानडी घरालाही.