कात्रीवाले हृषिदा

आमच्या हॉस्टेलच्या कॉमन रूममध्ये ‘गोलमाल’ लागला की सबमिशन विसरून सगळे जमतात. पण त्याचे दिग्दर्शक हृषीकेश मुखर्जी मूळचे एडिटर होते, हे किती जणांना माहीत आहे? खरं सांगायचं तर मलाही नव्हतं!

हृषिदांचा जन्म ३० सप्टेंबर १९२२ रोजी कोलकात्यात झाला. शिक्षण केमिस्ट्रीचं. काही काळ त्यांनी गणित आणि विज्ञान शिकवलं. मग ते न्यू थिएटर्स स्टुडिओत गेले आणि तिथे एडिटिंग शिकले. तेव्हा कॉम्प्युटर कुठला? फिल्मची पट्टी हाताने कापायची, हाताने जोडायची.

१९५१ मध्ये बिमल रॉय यांच्याबरोबर ते मुंबईला आले. ‘दो बिघा जमीन’ (१९५३), ‘देवदास’ (१९५५), ‘मधुमती’ (१९५८) या चित्रपटांचं एडिटिंग त्यांचंच. ‘मधुमती’साठी त्यांना फिल्मफेअर मिळालं.

मध्येच १९५७ साली त्यांनी स्वतः ‘मुसाफिर’ काढला. एकच घर, पाठोपाठ येणारे तीन भाडेकरू, तीन कथा. दिलीपकुमार असूनही पिक्चर पडला. हातात पक्कं काम होतं, गुपचूप एडिटिंग टेबलावर परत जाता आलं असतं. पण त्यांनी पुन्हा हिंमत केली आणि १९५९ चा ‘अनाडी’ गाजला.

तरी कात्री सुटली नाहीच. भाषा मल्याळम असूनही ‘चेम्मीन’च्या (१९६५) एडिटिंगमध्ये त्यांचा हात होता. त्या चित्रपटाला राष्ट्रपतींचं सुवर्णपदक मिळालं. अगदी १९८३ च्या ‘कुली’चे एडिटरही तेच.

‘आनंद’ (१९७१) आठवून बघा. आनंद गेलाय, हे सुरुवातीलाच कळतं. म्हणजे सस्पेन्स संपला! तरी शेवटी टेपरेकॉर्डरमधून त्याचा आवाज येतो आणि आपण रडतो. माणूस समोर निपचित आणि आवाज जिवंत. चित्र आणि आवाज वेगळे करून कुठे जोडायचे, हे एडिटरलाच सुचणार. या एडिटिंगसाठीही त्यांना फिल्मफेअर मिळालं.

पुढे दादासाहेब फाळके पुरस्कार आणि २००१ मध्ये पद्मविभूषण मिळालं. २७ ऑगस्ट २००६ रोजी मुंबईत ते गेले.

आपण प्रोजेक्ट रिपोर्टची पानं वाढवत बसतो. हृषिदा आयुष्यभर नको ते कापत राहिले. म्हणून तर त्यांचे पिक्चर आजही कंटाळवाणे होत नाहीत.