अभिनेत्री ललिता पवार

1987 साली दूरदर्शनवर 'रामायण' ही मालिका सुरू झाली. रविवारी सकाळी ती लागली म्हणजे आमच्या केळझरसारख्या लहान गावातील रस्ते ओस पडत. ज्या घरी दूरदर्शन संच असे, तेथे सारी आळी दाटीवाटीने बसे. मंथरा दिसली की म्हाताऱ्या बाया कडाकडा बोटे मोडीत. एक डोळा बारीक करून कैकेयीच्या कानी लागणारी ती दासी म्हणजे कपटाची मूर्तीच वाटे. ललिताबाई पवार तेव्हा सत्तर वर्षांच्या होत्या, आणि तो बारीक डोळा हे सोंग नव्हते.

ललिताबाईंचा जन्म 1916 साली नाशिक जिल्ह्यातील येवले येथे झाला. त्यांचे मूळ नाव अंबिका. चित्रपटाला अद्याप वाचा फुटली नव्हती, त्या काळी बालवयातच त्या मूकपटांत काम करू लागल्या. 1932 सालच्या 'कैलास' या मूकपटाच्या त्या नायिका तर होत्याच, परंतु त्याच्या निर्मितीतही त्यांचा वाटा होता. वय अवघे सोळा! पुढे बोलपटांतही त्या नायिका म्हणून नावाजल्या.

1942 साली 'जंग-ए-आझादी' या चित्रपटाचे काम चालू होते. प्रसंगात नायिकेस थप्पड मारावयाची होती. सहकलाकार मास्टर भगवान यांचा हात अनवधानाने फार जोरात बसला. डाव्या डोळ्याची शीर फुटली आणि चेहऱ्याची डावी बाजू लुळी पडली. सुमारे तीन वर्षे औषधोपचार चालले. चेहरा पुष्कळसा सावरला, परंतु डावा डोळा कायमचा अधू झाला. रूप हेच जेथे भांडवल, त्या व्यवसायात सव्विसाव्या वर्षी ओढवलेला हा घाला होता. नायिकेच्या भूमिकांची वाट बंद झाली.

ललिताबाई घरी बसल्या नाहीत. आई, सासू, आत्या, ज्या भूमिका इतर नट्या टाळीत, त्या त्यांनी पत्करल्या. 'ध'चा 'मा' केल्याची जिची आख्यायिका तुम्ही ऐकली आहे, ती आनंदीबाई त्यांनी 1944 साली प्रभात कंपनीच्या 'रामशास्त्री'त उभी केली. खाष्ट सासू रंगविताना तर अधू डोळ्याचाच त्यांनी उपयोग करून घेतला. त्या नजरेने प्रेक्षागृहातील मुले आईला बिलगत.

परंतु त्यांची खरी थोरवी मला वेगळ्याच भूमिकांत दिसते. 1955 सालच्या 'श्री 420' मध्ये त्या केळी विकणारी गंगामाई झाल्या. 1959 सालच्या 'अनाडी'तील मिसेस डिसा भाडेकरूवर दिवसभर ओरडते आणि आतून त्याच्यावर पोटच्या मुलासारखी माया करते. नायक राज कपूर त्यांच्याहून केवळ आठ वर्षांनी लहान होते, पण हे पाहणाऱ्याच्या ध्यानातही येत नाही. या भूमिकेबद्दल त्यांना फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. 1961 साली संगीत नाटक अकादमीनेही त्यांचा गौरव केला.

24 फेब्रुवारी 1998 रोजी पुणे येथे त्यांचे निधन झाले. छळवादी सासूला 'ललिता पवार' म्हणण्याची चाल त्यांच्यामागेही राहिली. तसे म्हणणाऱ्यांपैकी पुष्कळांनी मिसेस डिसा पाहिलेली नसते.