डेन्व्हरच्या फ्रान्सेसबाई जेकब्स

अमेरिकेतील कोलोरॅडो राज्याची राजधानी डेन्व्हर. तिथल्या विधानभवनाच्या घुमटात रंगीत काचेच्या खिडक्या आहेत आणि त्यांत राज्याची उभारणी करणाऱ्या सोळा जणांची चित्रे आहेत. त्यांपैकी पंधरा पुरुष आहेत. सोळावे चित्र एका ज्यू बाईचे आहे. त्यांच्या नावावर ना खाण होती, ना रेल्वे, ना बँक. त्यांचे नाव फ्रान्सेस वाइजबार्ट जेकब्स.

त्यांचा जन्म २९ मार्च १८४३ रोजी केंटकी राज्यातील हॅरॉड्सबर्ग या गावी झाला. आईवडील जर्मनीतील बव्हेरियाहून आलेले. पुढे कुटुंब सिनसिनाटी शहरात राहायला गेले आणि फ्रान्सेसचे शिक्षण तिथल्या सरकारी शाळांत झाले. सिनसिनाटीत ज्यू वस्ती मोठी होती. सिनेगॉग होते, रब्बाय होते, आजारपणात धावून येणारी माणसे होती. अशा भरल्या समाजातून ही मुलगी जिथे गेली, तिथे यातले काहीच नव्हते.

१८५९ साली रॉकी पर्वतातील एका घळीत जॉन ग्रेगरी नावाच्या माणसाला सोने सापडले. बातमी पसरताच हजारो लोक तिकडे लोटले. आधी तंबू लागले, मग लाकडी खोपटी, आणि वर्षभरात सेंट्रल सिटी नावाचे गाव उभे राहिले. समुद्रसपाटीपासून सुमारे साडेआठ हजार फूट उंचीवर, डोंगराच्या कुशीत चिकटलेले गाव. फ्रान्सेसचा भाऊ बेंजामिन तिथे धंद्यासाठी गेला होता. अब्राहम जेकब्स हा त्याचा भागीदार. फेब्रुवारी १८६३ मध्ये अब्राहम सिनसिनाटीला आला, फ्रान्सेसशी लग्न केले आणि तिला घेऊन परत निघाला. कोलोरॅडोपर्यंत तेव्हा रेल्वे पोहोचली नव्हती. पुढची वाट कापड ताणलेल्या खटाऱ्यातून, कित्येक आठवडे माळरान तुडवत काढायची. नवी नवरी तेव्हा वीस वर्षांचीही नव्हती.

खाणींच्या गावांत ज्यू माणसे बहुतेक दुकानदार असत. कपडे, बूट, पीठ, अवजारे विकत. भोवतालचे खाणकामगार जगाच्या कानाकोपऱ्यांतून आलेले, आणि बहुतेक सगळे एकटे. तिथे कुणाला मामा नव्हता, आत्या नव्हती, शेजारची म्हातारी नव्हती. खाणीत पाय मोडला किंवा ताप भरला तर पाणी कोण देणार? गावात दारूची आणि जुगाराची दुकाने भराभर निघाली, पण आजाऱ्याच्या उशाशी बसायला कुणी नव्हते. सरहद्दीवरच्या गावांच्या गोष्टी सांगताना लोकांना बंदुका आठवतात. खरी अडचण या एकटेपणाची होती.

ज्यू लोकांनीही तिथे समाज बांधला तो थोडा थोडा करून. १८५९ च्या नव्याच्या सणाला, म्हणजे रोश हशानाला, डेन्व्हरच्या नव्या वस्तीत मूठभर ज्यू प्रार्थनेला जमले. वर्षभरात दफनभूमीची सोय करणारी मंडळी उभी राहिली. सिनेगॉग मात्र चौदा-पंधरा वर्षांनी आले. टेंपल इमॅन्युएल ही संस्था १८७४ ची. आधी मिन्यान, मग कबरस्तान, मग एकमेकांना मदत, आणि शेवटी इमारत असा क्रम होता. बेने इस्राएल वाचकाला यात नवल वाटणार नाही. कोकणात आपल्या वाडवडिलांनी शनिवारी तेलाचा घाणा बंद ठेवून पिढ्यान्‌पिढ्या धर्म सांभाळला, आणि मुंबईतले पहिले सिनेगॉग झाले ते १७९६ साली.

जेकब्स दांपत्याला तीन मुले झाली, त्यांतला एक मुलगा लहानपणीच गेला. पुढे कुटुंब डेन्व्हरला आले. गावे लाकडाची असल्यामुळे आगीची भीती कायम असे. डेन्व्हर १८६३ मध्ये जळाले आणि दुसऱ्याच वर्षी चेरी क्रीकच्या पुरात सापडले. सेंट्रल सिटीचा बराच भाग १८७४ च्या आगीत गेला. जळालेले गाव लोक पुन्हा बांधत, पण त्या धावपळीत घर गेलेल्या विधवेकडे पाहायला कुणाला सवड नसे.

१८७० मध्ये डेन्व्हरला रेल्वे आली आणि सगळे बदलले. त्या वर्षी शहरात पाच हजारांपेक्षाही कमी लोक होते. दहा वर्षांत पस्तीस हजारांवर गेले, आणि १८९० मध्ये एक लाखाच्या पुढे. आलेल्यांत श्रीमंत थोडे. बाकीचे कामाच्या शोधात आलेले, तंबूत आणि फळ्यांच्या झोपड्यांत राहणारे.

१८७२ मध्ये फ्रान्सेसबाईंनी ज्यू बायकांची एक मदत मंडळी उभी केली. काम नेहमीचेच होते: आजारी माणसाला भेटणे, बाळंतिणीला मदत, अडलेल्या कुटुंबाला कोळसा आणि धान्य. आपल्याकडे ज्याला बिक्कुर होलिम आणि त्सदाका म्हणतात तेच. पण घरोघर फिरताना त्यांच्या लक्षात आले की ज्यू घरातली गरज शेजारच्या ख्रिस्ती झोपडीतल्या गरजेपेक्षा वेगळी नाही, आणि त्या शेजारणीच्या मागे उभी राहणारी मंडळी तर नाहीच. १८७४ मध्ये शहरातील इतर बायकांबरोबर त्यांनी सर्व धर्मांच्या गरिबांसाठी डेन्व्हर लेडीज रिलीफ सोसायटी काढली. ज्यू मंडळीही सोडली नाही. दोन्ही कामे बरोबर चालवली.

हे लिहायला सोपे आहे. त्या काळी प्रतिष्ठित घरातली बाई वर्गणी देई, चहाला जमे आणि घरी जाई. फ्रान्सेसबाई स्वतः झोपड्यांत जात, औषध आणि खाणे घेऊन. त्यांच्या पिशवीत साबणही असे, असे सांगतात. गरिबांच्या वस्तीत पसरणारा आजार घाणीतूनही वाढतो हे त्यांनी ओळखले होते. घरी लहान मुले एकटी राहतात म्हणून आयांना कामावर जाता येत नाही, हे पाहून त्यांनी फुकट बालवाडीच्या कामालाही हात घातला.

मदत करणाऱ्या संस्था वाढल्या, तसा नवाच गोंधळ सुरू झाला. एकाच कुटुंबाला चार ठिकाणांहून मदत मिळे आणि पलीकडच्या गल्लीतले उपाशी राही. दुकानदारांच्या दारात रोज नवी बाई वर्गणीची वही घेऊन उभी. १८८७ मध्ये फ्रान्सेसबाई, पाद्री मायरन रीड, कॅथलिक धर्मगुरू विल्यम ओरायन आणि एपिस्कोपल पंथाचे डीन मार्टिन हार्ट यांनी मिळून चॅरिटी ऑर्गनायझेशन सोसायटी स्थापन केली. वर्गणी एकदाच, सगळ्यांसाठी मिळून गोळा करायची आणि संस्थांना वाटून द्यायची, ही कल्पना. १८८८ च्या पहिल्या वर्गणीत २१,७०० डॉलर जमले. आज अनेक देशांत काम करणारी युनायटेड वे ही संस्था आपली सुरुवात इथूनच मोजते. चार धर्मपंथांची माणसे एका तिजोरीवर विश्वास ठेवतात, ही गोष्ट त्या काळी लहान नव्हती. एकमेकांच्या मतांबद्दल त्यांचे एकमत नव्हतेच, फक्त कोळसा कुणाला द्यायचा यावर झाले.

यापुढचे काम मात्र शहराला नको होते.

क्षयावर तेव्हा औषध नव्हते. कोरडी, उंचावरची हवा आणि ऊन यांनी बरे वाटते म्हणून पूर्वेकडचे डॉक्टर रोग्यांना कोलोरॅडोला पाठवत. पुष्कळांजवळ गाडीभाड्यापुरतेच पैसे असत. डेन्व्हरला उतरल्यावर खोकला ऐकला की खानावळवाले दार लावून घेत. माणसे रस्त्यावर रक्त ओकून कोसळत आणि येणारेजाणारे बाजूने निघून जात. फ्रान्सेसबाई थांबत. त्या रोग्याला उचलून न्यायची व्यवस्था करत, डॉक्टर बोलावत, बिल स्वतः भरत. पण एकेकाला उचलून हा प्रश्न सुटणारा नव्हता. इस्पितळ हवे होते, आणि ते फुकट हवे होते.

व्यापाऱ्यांना ही चर्चाच आवडत नव्हती. क्षयरोग्यांचे शहर अशी ख्याती झाली तर भांडवल घेऊन कोण येणार? ज्या हवेची जाहिरात करून माणसे बोलावली, त्याच हवेसाठी आलेला गरीब रोगी डोळ्यांआड राहावा असे त्यांना वाटे. फ्रान्सेसबाई सभांतून आणि वर्तमानपत्रांकडे हा विषय पुन्हा पुन्हा काढत राहिल्या. अखेर ज्यू समाजाने पुढाकार घ्यायचे ठरवले. टेंपल इमॅन्युएलचे तरुण रब्बाय विल्यम फ्रीडमन त्यांच्याबरोबर उभे राहिले, पैसे जमू लागले, आणि ऑक्टोबर १८९२ मध्ये इस्पितळाची कोनशिला बसली.

महिना उलटायच्या आतच, ३ नोव्हेंबर १८९२ रोजी, फ्रान्सेसबाई न्यूमोनियाने वारल्या. वय एकोणपन्नास. त्यांना निरोप द्यायला ज्यू आणि ख्रिस्ती धर्मगुरू एकत्र आले. इस्पितळाला त्यांचेच नाव द्यायचे ठरले.

इमारत पुरी झाली, पण दार उघडले नाही. १८९३ मध्ये चांदीचे भाव कोसळले. कोलोरॅडोचा सारा डोलारा चांदीवर उभा होता. बँका बुडाल्या, खाणी बंद पडल्या, कामगार देशोधडीला लागले. इस्पितळ चालवायला पैसा उरला नाही आणि ती वास्तू सहा वर्षे रिकामी राहिली. बाहेर रस्त्यावर रोगी खोकत होतेच. शेवटी बने ब्रिथ या ज्यू संघटनेने देशभरातून पैसा उभा करायची जबाबदारी घेतली. १० डिसेंबर १८९९ रोजी दार उघडले ते नॅशनल ज्यूइश हॉस्पिटल या नावाने. पैसा साऱ्या देशाचा, म्हणून नाव बदलले. फ्रान्सेसबाईंचे नाव गेले, याची हळहळ वाटते. पण त्यांचा मुख्य आग्रह टिकला. रोग्याचा धर्म विचारला जात नसे आणि कुणाकडून पैसे घेतले जात नसत. पहिली रोगी मिनेसोटाहून आलेली एक स्वीडिश बाई होती, ज्यू नव्हे.

एक गोष्ट मात्र सुटली. खाटा कमी, म्हणून इस्पितळाने बरे होण्याची आशा असलेले, रोगाच्या सुरुवातीचेच रोगी घ्यायचा नियम केला. फ्रान्सेसबाईंनी रस्त्यावरून उचललेले बहुतेक जण त्या नियमात बसले नसते. पूर्व युरोपातून आलेल्या गरीब ज्यूंना हे खुपत होते, आणि इस्पितळात कोशेर स्वयंपाक नाही हेही. म्हणून १९०४ मध्ये डॉक्टर चार्ल्स स्पिवाक आणि त्यांच्या सोबत्यांनी डेन्व्हरच्या पश्चिमेला दुसरे आरोग्यधाम काढले. तिथे शेवटच्या अवस्थेतला रोगीही घेत. सुरुवातीला इमारत नव्हती. रोगी तंबूत राहत आणि जेवण कोशेर असे.