पंडिता रमाबाई आणि मंडळीचा मतांगीकार

थळच्या किनाऱ्यावर उभे राहिले असता समोर समुद्रात खांदेरी व उंदेरी ही दोन बेटे दिसतात. खांदेरीवर इ. स. १८६७ मध्ये बांधलेला दीपस्तंभ आहे. तो दीपस्तंभ होडीला पुढे लोटीत नाही, की मासळी जाळ्यात आणून देत नाही. खडक कोठे आहे आणि वाट कोठे आहे, एवढेच तो नाखव्यास दाखवितो. आद्य मंडळीच्या धर्मसभांनी जे मतांगीकार ठरविले, तेही ह्याच जातीचे होत.

परंतु खेडोपाडी फिरणाऱ्या उपदेशकास एक प्रश्न वारंवार ऐकावा लागतो. ख्रिस्त देव आहे असे शास्त्र सांगते, की बिशपांनी सभा भरवून तसे ठरविले? थळ व नवगाव ह्या बाजूस पिढ्यान्‌पिढ्या राहिलेले बेने इस्राएल लोक, ज्यांस गावकरी शनिवार तेली म्हणत, ते एका देवावाचून दुसरा मानीत नसत. अशा शेजारात हा प्रश्न अधिकच टोचणारा होता. तो पुसणारा प्रत्येक मनुष्य विश्वासाचा वैरीच असतो असे मात्र नाही. महाराष्ट्रातील एका थोर ख्रिस्ती स्त्रीने तो बाप्तिस्मा घेतल्यानंतरही पुसला. तिचे चरित्र ह्या दृष्टीने पाहण्याजोगे आहे.

रमाबाईंचा जन्म २३ एप्रिल १८५८ रोजी सह्याद्रीतील गंगामूळ येथील अरण्यात झाला. वडील अनंतशास्त्री डोंगरे ह्यांनी पत्नीस संस्कृत शिकविले म्हणून त्यांस पंडितांचा रोष सोसावा लागला होता. आईने तीच विद्या कन्येस दिली. पुढे हे कुटुंब पुराणे सांगत तीर्थोतीर्थी फिरले. दुष्काळाने आईबाप व थोरली बहीण गेली. रमाबाई व त्यांचा भाऊ श्रीनिवास हजारो मैल पायी चालत शेवटी १८७८ मध्ये कलकत्त्यास पोहोचली. तेथील विद्वानांनी त्यांची परीक्षा घेऊन त्यांस पंडिता व सरस्वती ह्या पदव्या दिल्या. १८८० मध्ये भाऊ वारला. त्याच वर्षी बाबू बिपिनबिहारी मेधावी ह्यांजशी त्यांचा विवाह झाला. दोन वर्षांच्या आतच पतीही गेले, आणि कडेवर लहानगी मनोरमा घेऊन बाई १८८२ मध्ये पुण्यास आल्या.

आसामात असताना लूककृत शुभवर्तमानाची एक बंगाली प्रत त्यांच्या हाती लागली होती. पुण्यास त्यांची गाठ नीळकंठशास्त्री गोऱ्हे ह्यांजशी पडली. शास्त्रीबोवा १८४८ मध्ये जौनपूर येथे बाप्तिस्मा घेऊन नेहेम्या झाले होते. ख्रिस्ती धर्माचे खंडन करावयास निघालेला हा पंडित त्याच धर्माचा दास झाला; तरी शंकांशी त्यांस पुढेही फार वर्षे झगडावे लागले. म्हणूनच दुसऱ्याच्या शंकेची त्यांस चीड येत नसे.

१८८३ मध्ये बाई इंग्लंडास गेल्या व वाँटेज येथील भगिनीमंडळात राहिल्या. ह्या भगिनी फुलहॅम येथे पतित स्त्रियांची जी सेवा करीत, ती पाहून त्यांचे अंतःकरण हेलावले. शोमरोनी स्त्रीशी ख्रिस्त कसा वागला हे त्यांनी तेथे ऐकले, आणि त्या वर्षीच्या २९ सप्टेंबर रोजी मनोरमेसह त्यांनी बाप्तिस्मा घेतला.

येथे पुष्कळ चरित्रे आनंदाने थांबतात. परंतु बाईंची खरी झुंज येथूनच सुरू झाली. चेल्टनहॅम येथील स्त्रियांच्या महाविद्यालयात त्या शिकत व शिकवीत असताना, १८८५ च्या सुमारास, त्यांच्या पत्रांतून एकामागून एक प्रश्न निघू लागले. त्र्यैक्याचा सिद्धांत शास्त्रात कोठे आहे? एक देव म्हणावयाचे आणि तीन व्यक्ती मानावयाच्या, हे कसे जुळते? विशेषतः अथानासियसाच्या नावाने चालणाऱ्या मतांगीकाराचे ओझे त्यांस पेलेना. कारण तो न मानणाऱ्याचा नाश होईल असे त्यात सांगितले आहे. ज्यांनी त्यांस धर्मशिक्षण दिले त्या भगिनी जेराल्डीन ह्यांस हा गर्व वाटला. बाईंनी स्पष्ट कळविले की, एका पुरोहितवर्गाचे जू मोठ्या कष्टाने मानेवरून काढल्यावर दुसऱ्याचे जू मी घेणार नाही. देवाचे वचन मला पुरे आहे. महाविद्यालयाच्या प्रमुख मिस बील ह्यांनी मात्र रागे न भरता, ओळीओळीला उत्तर देत, पत्रव्यवहार चालू ठेविला.

आता वाचकहो, बाईंचा आक्षेप क्षणभर बाजूस ठेवून दीड हजार वर्षे मागे जाऊ या. अलेक्झांड्रिया नगरात आरियस नावाचा एक वडील शिकवू लागला की, पुत्र हा सर्व सृष्टीत श्रेष्ठ खरा, परंतु तोही पित्याने निर्माण केलेलाच आहे. वाद विकोपास गेला, तेव्हा कॉन्स्टंटाइन बादशहाने इ. स. ३२५ मध्ये नीकिया येथे बिशपांची सभा भरविली. आरियसही शास्त्रातील वचनेच पुढे करी. म्हणून नुसत्या वचनांनी निवाडा होईना. तेव्हा पुत्र पित्याशी एकतत्त्व आहे, असा एक ग्रीक शब्द सभेने मतांगीकारात घातला. पुष्कळ बिशपांस तो घ्यावयास संकोच वाटला. का? हा शब्द शास्त्रात नाही म्हणून! म्हणजे बाईंची अडचण नवी नव्हती. खुद्द नीकियाच्या सभेत ती बसलेली होती.

तिला उत्तर देण्यात ज्याचे आयुष्य गेले तो अथानासियस त्या वेळी केवळ डीकन होता. ३२८ मध्ये तो बिशप झाला. त्याचे म्हणणे असे की, शब्द शास्त्रात नसला तरी त्याचा अर्थ शास्त्रात आहे. मंडळी प्रारंभापासून ख्रिस्ताची प्रार्थना करीत आली आहे आणि पिता, पुत्र व पवित्र आत्मा ह्यांच्या नावाने बाप्तिस्मा देत आली आहे. ख्रिस्त निर्मिलेला असेल, तर ही प्रार्थना मूर्तिपूजाच ठरेल. आणि जो स्वतः निर्मिलेला, तो निर्मिलेल्या मनुष्यास देवाशी कसा जोडील? तेव्हा सभेने नवा देव निर्माण केला नाही. मंडळी ज्याच्यापुढे गुडघे टेकीत होती, तो कोण हे तिने सांगितले.

एका सभेने हे काम संपले नाही. पुढे बादशहा पालटले, उलट निर्णय देणाऱ्या सभाही भरल्या, आणि अथानासियस पाच वेळा हद्दपार झाला. त्याची सुमारे सतरा वर्षे परागंदा अवस्थेत गेली, व ३७३ मध्ये तो मेला. ३८१ मध्ये कॉन्स्टँटिनोपलच्या सभेने नीकियाचा विश्वास पुन्हा स्थापिला व पवित्र आत्म्याची पित्यापुत्रांबरोबर उपासना होते असे सांगितले. ४५१ मध्ये खाल्सेदोनच्या सभेने, ख्रिस्ताच्या ठायी देवत्व व मनुष्यत्व ही मिसळत नाहीत, पालटत नाहीत, तुटत नाहीत व वेगळी होत नाहीत, असे चार खडक दाखवून दिले. त्यांमधल्या पाण्याची खोली मात्र तिने मोजली नाही.

आणखी एक गोष्ट ध्यानात ठेवावी. ज्या मतांगीकाराने बाईंस अडविले, तो अथानासियसाने रचिलेला नाही व वरीलपैकी कोणत्याही सभेने ठरविलेलाही नाही. तो त्याच्यामागून पश्चिमेकडे लॅटिन भाषेत झाला. नीकियाच्या मतांगीकारास व ह्यास एकाच मापाने मोजू नये.

आता बाईंकडे वळू. गोऱ्हेशास्त्र्यांनी त्यांस दीर्घ पत्रांनी समजाविले, आणि त्या पत्रांचे व शास्त्रीबोवांच्या नम्र वाणीचे ऋण त्या पुढे कृतज्ञतेने सांगत. अमेरिकेतून परतल्यावर ११ मार्च १८८९ रोजी त्यांनी मुंबईस शारदासदन उघडले. त्यानंतर काही वर्षांनी त्यांस कळून आले की, आपणास ख्रिस्ती धर्म मिळाला होता, पण ख्रिस्त मिळाला नव्हता. बुद्धीने जे दार फार दिवस ठोठावले, ते त्यांस पापक्षमेच्या गरजेने उघडले. १८९६–९७ च्या दुष्काळात त्यांनी शेकडो मुलींस मृत्यूच्या तोंडातून काढून केडगाव येथे आसरा दिला, तो त्या तारणाऱ्याच्या नावाने. त्या शेवटपर्यंत कोणत्याही एका पंथाच्या म्हणविल्या नाहीत. इब्री व ग्रीक शिकून त्यांनी साध्याभोळ्या स्त्रियांना समजेल अशा मराठीत सारे पवित्र शास्त्र उतरविले. ज्या योहानाच्या शुभवर्तमानावरून अथानासियस वाद करी, त्याचे प्रत्येक वचन अशा रीतीने बाईंच्या लेखणीखालून गेले. १९२१ मध्ये मनोरमा गेली. भाषांतराचे काम हातावेगळे करून ५ एप्रिल १९२२ रोजी बाईही गेल्या.

ह्यावरून उपदेशक बंधूंनी काय घ्यावे? मतांगीकार तोंडपाठ करवून घेणे सोपे आहे. परंतु जो नाखवा खडक कोठे आहे हे न समजता केवळ दिव्याची स्तुती करितो, त्याची होडी एके रात्री फुटेल. कोणी शंका आणिली तर त्याच्या मुखातून नीकियातील एखादा बिशप बोलत आहे असे समजावे. त्यास गप्प बसवू नये. मिस बील व गोऱ्हेशास्त्री ह्यांजप्रमाणे त्याच्याबरोबर बसून शास्त्र उघडावे. उत्तर लागावयास अथानासियसास सारा जन्म लागला, रमाबाईंस पुष्कळ वर्षे लागली. आपल्या मंडळीतील शेतकऱ्यास किंवा कोळ्यास एका रविवारी ते समजले नाही, तर आपण उतावळे का व्हावे?