विश्लेषण : परीक्षेत अपयशी ठरलेल्या मेंडेलना जनुकाचा सुगावा कसा लागला?

आई-वडील दोघेही धडधाकट, मग मुलाला सिकलसेल कसा? या प्रश्नाचे उत्तर दीडशे वर्षांपूर्वी एका मठाच्या बागेत, वाटाण्याच्या दाण्यांत सापडले. ते शोधणारे ग्रेगोर मेंडेल मात्र हयातभर उपेक्षितच राहिले.

मेंडेल कोण होते?

जन्म १८२२चा, आताच्या चेक प्रजासत्ताकातील शेतकरी कुटुंबातला. शिक्षणाला पैसा नव्हता. धाकट्या बहिणीने आपल्या हुंड्यातला वाटा दिला. १८४३ मध्ये ते ब्रनो येथील मठात दाखल झाले. शिक्षकाच्या पात्रता परीक्षेला दोनदा बसूनही त्यांना उत्तीर्ण होता आले नाही.

प्रयोग काय होता?

१८५६ पासून आठ वर्षे त्यांनी वाटाण्याची सुमारे २८ हजार रोपे तपासली. गोल आणि सुरकुतलेल्या दाण्यांच्या वाणांचा संकर केला, तर पहिल्या पिढीत सगळे दाणे गोल निघाले. पुढच्या पिढीत मात्र ५,४७४ गोल आणि १,८५० सुरकुतलेले, म्हणजे जवळपास तीनास एक.

त्यातून काय उलगडले?

गुण दूध-पाण्यासारखे मिसळत नाहीत. प्रत्येक गुणाचे दोन घटक असतात, एक आईकडून, एक वडिलांकडून. प्रभावी घटकापुढे दुसरा दबतो, पण नष्ट होत नाही. असे दबलेले दोन घटक एकत्र आले की लपलेला गुण पुन्हा दिसतो. हा घटक म्हणजेच आजचे जनुक.

दखल का घेतली गेली नाही?

१८६५ मध्ये त्यांनी निष्कर्ष मांडले, पुढच्या वर्षी ते छापूनही आले. पण वनस्पतींच्या अभ्यासात असे गणित तेव्हा अनोळखी होते. १८६८ मध्ये मेंडेल मठाधिपती झाले आणि सरकारशी कराच्या वादात अडकले. १८८४ मध्ये त्यांचे निधन झाले. १९०० मध्ये तीन शास्त्रज्ञांच्या कामातून त्यांचे नियम पुन्हा समोर आले.

आज त्याचे महत्त्व काय?

सुरकुतलेल्या दाण्याचे कारण १९९० मध्ये डीएनएमध्ये सापडले. स्टार्च तयार करण्यास मदत करणाऱ्या जनुकात डीएनएचा जादा तुकडा घुसला होता. उंची किंवा मधुमेहामागे अनेक जनुके आणि राहणीमानही असते. सिकलसेलमध्ये मात्र मेंडेलचेच गणित चालते. दोन्ही पालक वाहक असतील तर प्रत्येक गरोदरपणात बाळाला आजार होण्याची शक्यता २५ टक्के असते. म्हणूनच विदर्भातील सिकलसेलग्रस्त भागांत लग्नाआधीची रक्ततपासणी महत्त्वाची ठरते. आणि म्हणूनच या आजाराचे खापर एकट्या आईवर फोडता येत नाही.