कड्यावरची शिंदळ माकुडी आणि निकोल डालझेल

कॅक्टसच्या कुळातील झाडे मूळची अमेरिका खंडातली. त्यांच्या काही बुटक्या जाती वाळवंटात वर्षानुवर्षे जेमतेम बोटभर वाढतात. थोड्या पाण्यावर जगण्याची हीच रीत आपल्या सह्याद्रीतील एका वनस्पतीनेही साधली आहे. तिचे नाव शिंदळ माकुडी. ती कॅक्टस नव्हे, रुई आणि खरचुडीच्या कुळातली. कातळाच्या भेगेत, ओंजळभर मातीत ती रुजते. मांसल खोडात पाणी साठवते. उन्हाळ्यात पाने गाळते आणि हिरव्या खोडातच अन्न तयार करते. पावसाळ्याच्या उत्तरार्धात तिला चांदणीच्या आकाराची गडद लाल फुले येतात. विज्ञानाला तिची ओळख करून दिली ती निकोल अलेक्झांडर डालझेल यांनी.

डालझेल यांचा जन्म १८१७ साली एडिनबरोत झाला. शिक्षण तिथल्याच विद्यापीठात. १८४१ मध्ये ते मुंबईला आले ते जकात खात्यात अधिकारी म्हणून. वनस्पतींचा अभ्यास हा त्यांचा फावल्या वेळचा छंद होता. पुढे तोच त्यांचा व्यवसाय झाला. सिंधमध्ये वनखात्याचे काम केल्यावर ते मुंबई इलाख्याचे वनसंरक्षक झाले. त्यांच्या आधी ही जागा डॉ. अलेक्झांडर गिब्सन यांच्याकडे होती. गिब्सन हे पेशाने शल्यचिकित्सक. पुण्याजवळच्या दापोडीच्या सरकारी बागेत ते औषधी वनस्पतींची लागवड करून घेत आणि तिथली औषधे इस्पितळांना पुरवली जात.

या दोघांनी मिळून १८६१ साली मुंबई इलाख्यातील वनस्पतींचा ग्रंथ प्रसिद्ध केला. कोणते झाड कुठे उगवते, त्याची ओळख कशी पटवायची, याची ती शिस्तशीर नोंद होती. १८६३ मध्ये डालझेल यांनी जंगले आणि पाऊसपाणी यांच्या संबंधावर एक पुस्तिका लिहिली. जंगलामुळे पाऊस किती वाढतो यावर आजही वाद आहे. पण झाडोऱ्यामुळे पाणी जमिनीत मुरते आणि माती धरून राहते, याबद्दल शंका उरलेली नाही. याच काळातील सरकारी वनव्यवस्थेने जंगलात राहणाऱ्यांचे पिढीजात हक्क आक्रसले, हेही विसरता येत नाही.

जुन्नर भागातील शिंदळ माकुडीचे वर्णन त्यांनी १८६४ साली छापले. तिच्यासाठी त्यांनी नवी प्रजाती मांडली आणि मुंबईचे तेव्हाचे गव्हर्नर बार्टल फ्रेअर यांच्यावरून तिला फ्रेरिया इंडिका असे नाव दिले. अलीकडे जनुकीय अभ्यासानंतर काही शास्त्रज्ञ तिला खरचुडीच्या सेरोपेजिया प्रजातीत घालतात. डालझेल यांचे स्वतःचे नाव मात्र डालझेलिया या प्रजातीत टिकून आहे. वाहत्या पाण्यातील खडकांना चिकटून वाढणाऱ्या या वनस्पती आहेत. डालझेल १८७० मध्ये निवृत्त झाले आणि काही वर्षांतच एडिनबरोत वारले.

शिंदळ माकुडी आज शिवनेरी, पुरंदरचा वज्रगड, सज्जनगड अशा मोजक्या ठिकाणीच आढळते. वणवा, चराई आणि डोंगरावरची बांधकामे यांचा तिला धोका आहे. खोडाचे तुकडे लावून तिची रोपे करता येतात. पण मूळ कडा गेला, तर तिचे घर परत मिळत नाही.

डालझेल यांच्या काळात एटापल्लीचा मुलूख मध्य प्रांतात होता. त्यामुळे त्यांच्या ग्रंथात इथल्या वनस्पती नाहीत. पण त्यांच्या कामाचा धडा इथेही तितकाच लागू पडतो. सुरजागडसारखा डोंगर लोहखनिजासाठी फोडताना तिथल्या कातळावर, ओढ्याकाठी काय उगवते, याची यादी आधी हाती हवी. इथल्या माडिया आदिवासींना त्यातल्या कितीतरी वनस्पती नावानिशी माहीत आहेत. त्या यादीची सुरुवात त्यांना विचारूनच व्हायला हवी. नोंदच नसेल, तर काय हरवले हे कळायलाही मार्ग उरत नाही.